गाडीचा बल्ब : निवड आणि बदल

घरच्या चारचाकीत हेडलाईट, पार्किंग, इंडिकेटर, टेल, ब्रेक, रिव्हर्स, नंबरप्लेट आणि आतला छताचा दिवा असे धरले तर पंधरा-वीस बल्ब सहज होतात. त्यातला गेलेला बल्ब ओळखणं, त्याच जातीचा दुसरा आणणं आणि तो नीट बसवणं एवढा या नोंदीचा विषय. कारचे बल्ब १२ व्होल्टचे असतात, ट्रक-बसचे २४ चे, दोन्ही दिसायला सारखेच, त्यामुळे दुकानातून घेताना व्होल्ट वाचून घ्यावा. कोल्हापुरात बल्ब 'जातो' किंवा 'उडतो'. 'फ्यूज झाला' असंही म्हणतात पण फ्यूज ही डब्यातली वेगळी वस्तू आहे, म्हणून उद्यमनगरातला, म्हणजे इथल्या गॅरेज-कारखान्यांच्या भागातला, इलेक्ट्रिशियन आधी हेच विचारतो, "बल्ब उडालाय का फ्यूज गेलाय, दादा?" एका बाजूचाच दिवा बंद असेल तर बहुतेक वेळा बल्ब, आणि एकदम दोन-तीन दिवे गेले असतील तर आधी फ्यूज बघायचा.

इतिहास : मोटारीला आधी तेलाचे आणि ॲसिटिलीन गॅसचे दिवे असत, म्हणजे कार्बाईडवर पाणी पडलं की निघणारा तोच गॅस. विजेचा हेडलाईट पहिल्यांदा कुणी लावला याचं उत्तर 'लावला' म्हणजे काय धरता त्यावर बदलतं. बरेच संदर्भग्रंथ अमेरिकेतल्या हार्टफर्डच्या १८९८ च्या कोलंबिया विजेच्या गाडीपासून सुरुवात करतात, पण तिथे तो दिवा जादा पैसे देऊन घ्यायचा होता. पीअरलेस कंपनीने १९०८ च्या सुमारास तो गाडीबरोबरच दिला आणि १९१२ च्या कॅडिलॅकमध्ये डायनॅमो, स्टार्टर आणि दिवे एका यंत्रणेत आले. नोंदकर्त्याला हे तिसरं वर्षच खरी सुरुवात वाटतं. अडचण दिव्यापेक्षा जास्त तो धक्क्यांत टिकण्याची आणि त्याला वीज पुरवण्याची होती, तेव्हा दोन्ही गोष्टी सुटल्याशिवाय शोध पुरा झाला म्हणता येत नाही.

दुसरा वाद दोन फिलामेंटच्या, म्हणजे तापून उजेड देणाऱ्या दोन तारांच्या, बल्बचा, आणि आपल्या रोजच्या वापराशी याचाच जास्त संबंध आहे. समोरून गाडी आली की झोत खाली करायचा ही गरज लवकर लक्षात आली होती, १९१७ च्या कॅडिलॅकमध्ये आतल्या दांडीने अख्खा दिवाच खाली वाकवायची सोय होती. पुढे एकाच काचेत दोन फिलामेंट घालून हे काम विजेवर आणलं गेलं. ओसरामच्या 'बिलक्स' बल्बला याचं श्रेय देतात, त्याचं साल कुठे १९२४ तर कुठे १९२५ छापलेलं सापडतं, आणि अमेरिकेत गाईड लॅम्पचा तसाच बल्ब १९२५ च्या आसपासचा धरतात. दोन्हीकडे साधारण एकाच वेळी काम चाललं होतं असं मानणं जास्त सुरक्षित. दसऱ्याला कोल्हापूरच्या दसरा चौकात येणारी संस्थानची जुनी मेबॅक मोटार जवळून बघितली तर त्या जमान्यात हेडलाईट म्हणजे बॉडीपासून वेगळा बसवलेला मोठा गोल दिवा असायचा हे डोळ्यांनी दिसतं.

१९४० च्या अमेरिकन मॉडेलांपासून सील्ड बीम आला, म्हणजे काच, आरसा आणि फिलामेंट सगळं एकजीव, गेला की पूर्ण दिवाच फेकायचा. आपल्याकडे गोल हेडलाईटच्या ॲम्बॅसडर, पद्मिनी, जीप यांनी हाच ७ इंची आकार वर्षानुवर्षं चालवला आणि नंतर त्याच आकारात सुटा बल्ब घालायचे दिवे आले. हॅलोजनचं तत्त्व १९५९ मध्ये अमेरिकेत पुढे आलं, मोटारीसाठीचा पहिला हॅलोजन बल्ब एच-१ युरोपात १९६२ ला आणि दोन फिलामेंटचा एच-४ हा १९७१ ला. पन्नास वर्षं उलटून गेली तरी ऑल्टो-वॅगनआरसारख्या घरगुती गाड्यांत हा एच-४ च चालत आलेला आहे.

'डिपर' हा शब्द : इंग्रजी 'डिप' म्हणजे खाली करणं, त्यावरून खालचा झोत तो डिपर आणि वरचा तो अप्पर. पण महाराष्ट्रभर, आणि कोल्हापूरच्या ड्रायव्हर लोकांत तर नक्कीच, 'डिपर मारणे' म्हणजे अप्पर एक-दोनदा उघडझाप करून समोरच्याला खूण करणे, म्हणजे शब्द खालच्या झोताचा आणि कृती वरच्या झोताची. ट्रकच्या पाठीमागे रात्री डिपर वापरा असं लिहिलेलं असतं तिथे मूळ अर्थ आहे. खुणेचा अर्थही ठरलेला नाही, कुणी 'तू ये' म्हणून मारतो तर कुणी 'मी येतोय, थांब' म्हणून, आणि अरुंद पुलावर हा फरक जीवावर येऊ शकतो.

एच-४ च्या आत काय असतं : हा भाग थोडा लांबेल, पण सगळी निवड इथेच ठरते. बल्बमध्ये दोन फिलामेंट, अप्परचा ६० वॅट आणि डिपरचा ५५. अप्परचा फिलामेंट आरशाच्या केंद्राजवळ असतो म्हणून झोत सरळ लांब जातो. डिपरचा त्याच्या पुढे असतो आणि त्याच्या खाली पत्र्याची बारीक वाटी असते, ती खालच्या बाजूचा उजेड अडवते, त्यामुळे आरशाचा फक्त वरचा भाग कामाला लागतो आणि झोत रस्त्यावर उतरतो. भिंतीवर बघितलं तर वर अंधार, खाली उजेड आणि मध्ये एक स्वच्छ रेघ दिसते, ती रेघ आपल्याकडे डावीकडे वर चढते कारण आपण डाव्या बाजूने चालवतो आणि कडेचा माणूस, सायकल, म्हैस दिसायला पाहिजे. ही रेघ त्या वाटीच्या आणि फिलामेंटच्या जागेवर अवलंबून आहे आणि इथे मिलिमीटरभर फरकसुद्धा रस्त्यावर पन्नास मीटरवर मोठा होऊन पडतो. म्हणून बल्ब किती वॅटचा आणि किती पांढरा हे नंतरचे प्रश्न, फिलामेंट आरशाने मागितलेल्या जागी आहे का हा पहिला.

हॅलोजन बल्बची काच क्वार्ट्झची असते. टंगस्टनची तार तापून तिचे कण उडतात, काचेवर बसण्याआधी आतल्या आयोडीन-ब्रोमीनशी मिळतात आणि परत तारेवर येऊन पडतात, म्हणून काच काळी पडत नाही. यासाठी काच खूप गरम राहावी लागते, साधारण २५० अंश सेल्सिअसच्या वर. अशा काचेला बोट लागलं तर घामाचं तेल तिथेच भाजतं, डाग पडतो, काच त्या जागी कमजोर होते आणि बल्ब वेळेआधी जातो.

व्होल्टेज : बल्बचा उजेड व्होल्टेजच्या जवळजवळ साडेतीनाव्या घाताने बदलतो. साध्या भाषेत, बल्बपर्यंत पोचणारं व्होल्टेज ५ टक्के कमी झालं तर उजेड १६ टक्क्यांच्या आसपास घटतो आणि १० टक्के कमी झालं तर ३० टक्क्यांच्या आसपास. उलट ५ टक्के जास्त मिळालं तर आयुष्य निम्म्यावर येतं. आता आठ-दहा वर्षांच्या गाडीत कपलरची (बल्बच्या मागे वायर जोडणाऱ्या प्लगची) पिन हिरवी पडलेली, अर्थचा (करंट बॉडीत परत नेणाऱ्या वायरचा) बोल्ट गंजलेला, स्विचचे पॉईंट जळलेले असतात आणि तिथेच व्होल्ट दीड व्होल्ट खाल्ला जातो. मालक मात्र 'उजेड कमी पडतोय' म्हणून मोठा बल्ब शोधायला जातो.

बाजारात १००/९० वॅटचा एच-४ सर्रास मिळतो आणि बसतोही, कारण बूड तेच. ५५ वॅटला १२ व्होल्टवर साडेचार ॲम्पिअरच्या आसपास करंट लागतो, ९० वॅटला साडेसात. मूळ वायर, स्विच, प्लास्टिकचा कपलर यासाठी केलेले नसतात. नोंदकर्त्याच्या गाडीला एका दुकानदाराच्या सांगण्यावरून असे बल्ब घातले होते, दुसऱ्याच पावसाळ्यात गगनबावड्याहून परत येताना डावा हेडलाईट लुकलुकायला लागला, घरी येऊन बॉनेट उघडलं तर कपलर पिवळा पडून एका कोपऱ्यात वितळलेला आणि दिव्याच्या मागचं रबरी झाकण बल्बला चिकटलेलं. रिले (स्विचवर भार न देता बॅटरीची वीज थेट बल्बला जोडणारा डबा) टाकून जाड वायर ओढली तर हे टळतं असं म्हणतात ते खरं आहे, पण मग ५५/६० चाच बल्ब रिलेवर इतका उजळतो की मोठ्याची गरज उरत नाही. उद्यमनगरात हे काम करणारे चांगले हात आहेत.

रंग : प्रकाशाचा रंग केल्विनमध्ये मोजतात, आकडा जितका मोठा तितका प्रकाश पांढरा-निळसर. साधा हॅलोजन ३२०० केल्विनच्या आसपास, म्हणजे किंचित पिवळसर. निळ्या काचेचे 'व्हाईट' बल्ब काही जास्त उजेड देत नाहीत, निळी काच उलट थोडा उजेड गाळून टाकते, नुसतं पांढरं दिसतं. ओल्या डांबरावर तर ते आणखी फिकं पडल्यासारखं वाटतं.

धुक्यात पिवळा दिवा जास्त घुसतो का यावर जुना वाद आहे. फ्रान्सने १९३६ ला पिवळे हेडलाईट सक्तीचे केले ते १९९३ पर्यंत ठेवले. त्याच्या बाजूचे लोक निळा प्रकाश जास्त विखुरतो म्हणतात. पण हा नियम हवेच्या रेणूंसारख्या अतिसूक्ष्म कणांना लागू आहे, धुक्याचा थेंब प्रकाशाच्या तरंगलांबीपेक्षा कितीतरी मोठा असतो आणि तो सगळे रंग जवळपास सारखेच विखुरतो. डोळ्याला पिवळा कमी टोचतो असं मात्र अनेकांना वाटतं आणि त्यात तथ्य असू शकतं. करूळ घाटात किंवा आंबा घाटात ढग रस्त्यावर उतरलेला असताना खरा फरक पडतो तो दिवा किती खाली बसवलाय आणि त्याची वरची रेघ किती स्वच्छ आहे याचा. अप्पर लावला की समोर पांढरी भिंतच उभी राहते.

एलईडीची भर : हॅलोजनच्या दिव्यात घालायचे एलईडी बल्ब हल्ली जोरात आहेत. त्यात तारेऐवजी दोन बाजूंना चपट्या चिप असतात, त्या फिलामेंटच्या जागी तंतोतंत येतात असं नाही, आणि मग भिंतीवरची रेघ विस्कटते. चालवणाऱ्याला आपल्या गाडीपुढे लख्ख दिसतं आणि समोरच्याच्या डोळ्यांत अंधारी येते. ऊस सीझनला, म्हणजे दिवाळीच्या आगेमागे कारखाने सुरू झाल्यापासून मार्चपर्यंत, कागल, शिरोळ, राधानगरी कुठल्याही रस्त्यावर दोन-दोन ट्रॉल्या ओढणारे ट्रॅक्टर आणि बैलगाड्या असतात, कितीतरी जणांना मागे लाल दिवा नाही की रिफ्लेक्टर नाही. समोरून आलेल्या झोताने चार सेकंद काही दिसलं नाही तर तेवढ्यात गाडी ट्रॉलीखाली जाते. डोळे दिपवणारा दिवा नको हे केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ मध्येही आहे. कंपनीनेच एलईडीसाठी आरसा बनवलेला असेल तर प्रश्न वेगळा.

इंडिकेटरला एलईडी घातला की तो फडफड फडफड लागतो, कारण फ्लॅशरला, म्हणजे इंडिकेटर उघडझाप करणाऱ्या डबीला, २१ वॅटचा भार अपेक्षित असतो. हीच फडफड साध्या बल्बवर झाली तर त्या बाजूचा एक इंडिकेटर गेलाय असं समजायचं.

बाकीचे बल्ब : ब्रेक आणि टेल मिळून एकच बल्ब असेल तर तो २१/५ वॅटचा, बुडाच्या दोन खिळ्या खालीवर असतात म्हणून उलटा बसत नाही. एकेरी २१ वॅटच्या खिळ्या समोरासमोर सारख्या उंचीवर. नारिंगी रंगाच्या २१ वॅटच्या खिळ्या १५० अंशावर, म्हणजे मुद्दाम तिरक्या, पांढरा बल्ब चुकून इंडिकेटरला जाऊ नये म्हणून, तेव्हा बसत नाही म्हणून खिळी घासणारे लोक नेमकी ती सोयच घालवतात. पार्किंगला बिनबुडाचा ५ वॅट, ओढला की येतो आणि दाबला की बसतो. नंबरप्लेटला असाच एक किंवा दोन्ही टोकांना टोपी असलेला लांबट. मागची नंबरप्लेट १५ मीटरवरून वाचता आली पाहिजे, आणि हाच बल्ब गेलेला सगळ्यात उशिरा कळतो.

ब्रेक दाबल्यावर टेल मंद होतोय किंवा इंडिकेटरबरोबर ब्रेकचा दिवाही लुकलुकतोय असं असेल तर तिथे बल्ब बदलून उपयोग नाही, ती अर्थ कच्ची असते. २०१९ आणि २०२१ च्या महापुरात पाण्यात उभ्या राहिलेल्या गाड्यांत हा दोष विशेष, होल्डर घासून अर्थचा बोल्ट नव्याने आवळला की बरेचदा जातो.

बदलायची रीत : दिवा बंद करून गार होऊ द्यावा. एच-४ ला मागचा तीन पिनांचा कपलर सरळ ओढायचा, वायर धरून नाही, मग रबर सोलून काढायचं, तारेची क्लिप आत दाबून बाजूला केली की बल्ब सुटतो. त्याच्या चकतीला तीन कान असतात, एक मोठा, तो आपल्या खाचेतच जातो. जोर लावून वाकडा बसवला तर आतली वाटी फिरते आणि डिपरच वर मारायला लागतो. नवीन बल्ब बुडाला धरायचा, काचेला हात लागलाच तर स्पिरिट लावलेल्या स्वच्छ फडक्याने पुसायचा. रबर परत नीट चढवलं नाही तर पहिल्याच वळवात दिव्यात वाफ धरते. दोन्ही बाजू एकदम बदलाव्यात कारण दोघांचं वय सारखंच असतं. पाकिटावर गोलात 'ई' आणि आकडा असलेला बल्ब घ्यावा, १ म्हणजे जर्मनी, २ फ्रान्स, ४ नेदरलँड्स, हा मंजुरी दिलेल्या देशाचा नंबर आहे, कारखान्याचा पत्ता नव्हे.

नंतर सपाट जागी भिंतीपासून १० मीटरवर गाडी लावून बघायचं, डिपरची रेघ दिव्याच्या उंचीपेक्षा साधारण १० सेंटीमीटर खाली पडली पाहिजे. जोतिबाला निघताना मागे तीन माणसं आणि डिकीत सामान असलं की गाडीचं नाक वर होतं, त्यासाठी डॅशबोर्डवर शून्य ते तीन असं चाक दिलेलं असतं, शून्य म्हणजे झोत सगळ्यात वर, तेव्हा ओझं असेल तर ते दोन-तीनवर न्यायचं.

झेनॉनच्या (तारेऐवजी गॅसमधल्या ठिणगीने उजळणाऱ्या) दिव्याला सुरू होताना वीस हजार व्होल्टच्या घरात दाब लागतो, त्याला घरी हात लावू नये. नवीन गाड्यांतल्या सलग एलईडी दिव्यात बदलायला सुटा बल्बच नसतो.