'नार्कोस': कौलांवरच्या शेवटाआधी

नेटफ्लिक्सच्या 'नार्कोस'चा दुसरा सीझन २०१६ मध्ये आला. कोलंबियातल्या मेडेलिन शहरात एका घराच्या कौलांवरून अनवाणी पळणारा कोकेनसम्राट पाब्लो एस्कोबार गोळ्या लागून कोसळतो, हे त्यातलं दृश्य बऱ्यापैकी खरं आहे. तारीख २ डिसेंबर १९९३; आदल्याच दिवशी तो ४४ वर्षांचा झाला होता. मात्र गोष्ट सांगणारा अमेरिकी एजंट स्टीव्ह मर्फी गोळीबाराच्या वेळी तिथे नव्हता. तो मागाहून पोचला आणि प्रेताशेजारी बसून त्याने फोटो काढून घेतला.

एस्कोबारचे दिवस भरायला सुरुवात झाली ती तुरुंगातच. जून १९९१ मध्ये तो शरण आला, तेही कोलंबियाच्या संविधान सभेने नागरिकांच्या अमेरिकेकडे प्रत्यार्पणावर बंदी घातली त्याच दिवशी. मेडेलिनजवळच्या एन्विगादोच्या डोंगरावरचा 'ला कातेद्राल' तुरुंग त्याच्याच मर्जीने उभा राहिला होता. आत फुटबॉलचं मैदानही होतं. तिथे बसून त्याने मोंकादा आणि गालेआनो या स्वतःच्याच दोन भागीदारांचा काटा काढला. सरकारने त्याला दुसरीकडे हलवायचं ठरवताच जुलै १९९२ मध्ये तो निसटला. पण तोवर घरचेच वैरी झाले होते. दुखावलेले जुने साथीदार, खासगी सशस्त्र टोळ्या चालवणारे कास्तान्यो बंधू आणि काली कार्टेल या प्रतिस्पर्धी ड्रग टोळीचा पैसा यांतून 'लोस पेपेस' ही टोळी उभी राहिली. तिने त्याच्या मालमत्ता जाळल्या, वकील मारले. पोलिसांच्या शोधपथकाशी तिचं साटंलोटं होतं, हे आता कुणी फारसं नाकारत नाही. माझ्या मते त्याला खरा एकटा पाडला तो या टोळीने.

उरलं ते कुटुंब. नोव्हेंबर १९९३ च्या अखेरीस बायको-मुलं फ्रँकफर्टला गेली. जर्मनीने त्यांना विमानतळावरूनच परत पाठवलं. बोगोटाच्या तेकेंदामा हॉटेलात ती सरकारी पहाऱ्यात राहिली, आणि आपला फोन टिपला जातो हे पक्कं ठाऊक असूनही एस्कोबार तिथे फोन करत राहिला. शेवटच्या दिवशी तो मुलाशी फार वेळ बोलला. पथकप्रमुख कर्नल ऊगो मार्तिनेस यांचा त्याच नावाचा लेफ्टनंट मुलगा रेडिओ लहरींचा माग काढणारं यंत्र गाडीत घेऊन गल्ल्या पालथ्या घालत होता. एका खिडकीत त्याला फोनवर बोलणारा दाढीवाला दिसला. शेवटची गोळी पोलिसांची की स्वतःची, हा वाद कुटुंबाने अजून सोडलेला नाही.

'नार्कोस'मध्ये एस्कोबार साकारणाऱ्या वाग्नर मोरा या ब्राझिली नटाच्या स्पॅनिश उच्चारांची कोलंबियात यथेच्छ टर उडवली गेली. तिथल्या काराकोल वाहिनीने २०१२ मध्येच एस्कोबारवर स्वतःची मालिका केली होती. तिच्या निर्मात्यांपैकी कामिलो कानो हे एस्कोबारच्या मारेकऱ्यांनी १९८६ मध्ये मारलेल्या संपादक गियेर्मो कानोंचे चिरंजीव. दुसऱ्या हुआना उरीबे. १९८९ मध्ये भर सभेत गोळ्या घातलेले राष्ट्राध्यक्षपदाचे उमेदवार लुईस कार्लोस गालान हे त्यांचे नातलग, आणि आई एस्कोबारच्या माणसांनी पळवून नेलेली. त्यांच्या मालिकेत बऱ्याच गुंडांची नावं बदललेली आहेत. गालान, कानो यांची मात्र खरी.