पहिलं द्विशतक सचिनचं नव्हे, बेलिंडाचं
गणपतीत आमच्या पेठेतल्या मंडळाची प्रश्नमंजूषा होती. वनडेतलं पहिलं द्विशतक कोणाचं? सगळे ओरडले, ‘सचिन!’ किट बॅग घेऊन सरावावरून थेट आलेली एक मुलगी तेवढी ‘बेलिंडा क्लार्क’ म्हणाली, आणि तिचं उत्तर चूक ठरवलं गेलं. बरोबर तीच होती.

१६ डिसेंबर १९९७, महिला विश्वचषक, मैदान आपल्याच मुंबईतलं, वांद्र्याचं. ऑस्ट्रेलियाच्या या कर्णधाराने डेन्मार्कविरुद्ध १५५ चेंडूंत नाबाद २२९ केल्या. सचिनच्या नाबाद २०० ग्वाल्हेरला झाल्या त्या २०१० मध्ये. पुरुषांतलं ते पहिलं द्विशतक. डेन्मार्क दुबळा होता हे खरं, पण सामना अधिकृतच होता. शिवाय २००५ चा विश्वचषकही तिच्याच नेतृत्वाखाली ऑस्ट्रेलियाने जिंकला. त्या मुलीचा गुण तिला द्यायलाच हवा.