महार वतनाच्या जमिनी: विक्रीवरची अट आली कुठून?

नोव्हेंबर 2025 मध्ये पुण्याच्या मुंढव्यातील सुमारे 40 एकर जमिनीचा व्यवहार गाजला आणि 'महार वतन' (गावच्या चाकरीबद्दल महारांना वंशपरंपरेने मिळालेली जमीन) हा शब्द पुन्हा बातम्यांत आला. वारसांचा हक्क आहे, मग विकायला अडचण काय, असा प्रश्न अनेकांना पडला. उत्तरासाठी दीडशे वर्षं मागे जावं लागतं.

गावगाड्यात महारांकडे सरकारी आणि गावकीची कामं होती: सांगावा पोचवणं, सारा कचेरीत नेणं, हद्दीच्या खुणा दाखवणं, येणाऱ्या अधिकाऱ्याच्या दिमतीला राहणं. मोबदला म्हणून बलुतं (पिकातला वाटा) आणि थोडी जमीन, म्हणजे हाडकी हाडोळा. पाटीलकी बहुधा एकदोन घराण्यांत असे. महारकीची जमीन मात्र सबंध महारवाड्याची असे, आणि दर पिढीला तिचे वाटेकरी वाढत. आज एकेका सातबाऱ्यावर नावांची जी रांग दिसते, ती इथून सुरू झाली.

इंग्रजांनी 1874 च्या वंशपरंपरागत वतनांच्या कायद्यात या सगळ्याला चौकट घातली. वतनाची जमीन सरकारच्या मंजुरीशिवाय वतनाबाहेरच्या माणसाकडे वतनदाराच्या हयातीपलीकडे देता येणार नाही, असं त्यात ठरलं. हेतू सरळ होता: जमीन गेली तर चाकरी कोण करणार? अट वतनदाराच्या हितासाठी नव्हती, सरकारच्या सोयीसाठी होती. पुढच्या बहुतेक चर्चांत ही गोष्ट विसरली जाते.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी नेमकं यावरच बोट ठेवलं. तुटपुंज्या जमिनीच्या आशेने माणूस रात्रंदिवसाच्या राबणुकीला बांधला जातो, हे ओळखून त्यांनी 1928 साली मुंबई विधिमंडळात दुरुस्ती विधेयक आणलं. पूर्ण सारा भरणाऱ्या महाराला चाकरीतून मोकळं करून जमीन त्याच्याकडेच ठेवावी, हा त्यातला गाभा. विरोध एवढा झाला की 1929 मध्ये विधेयक मागे घ्यावं लागलं. या जमिनींवरचा जुडीचा, म्हणजे वतन जमिनीवरच्या सवलतीच्या साऱ्याचा, बोजा वाढला तेव्हा 1939 मध्ये हरेगावला वतनदारांची परिषद भरली.

चाकरी संपायला 1959 उजाडावं लागलं. मुंबई कनिष्ठ गाव वतने (यांत महार वतनही आलं) नाहीशी करण्याचा कायदा 1958 चा. अंमल 1 फेब्रुवारी 1959 पासून. जमीन आधी सरकारजमा झाली. मग साऱ्याच्या तिप्पट कब्जेहक्काची रक्कम मुदतीत भरणाऱ्या वतनदाराला ती पुन्हा मिळणार होती. महसूल खात्याच्या बोलीत, रीग्रँट. रक्कम भरली नाही तर कब्जा बेकायदा. भरली, तरी कलेक्टरच्या पूर्वमंजुरीशिवाय आणि ठरलेला नजराणा दिल्याशिवाय विक्री नाही, सरसनिरस (जमिनीचे प्रत्यक्ष तुकडे पाडून) वाटपही नाही. सातबाऱ्यावर शेरा आला: नवीन शर्त, भोगवटादार वर्ग-2, म्हणजे मंजुरीशिवाय विकता न येणारी जमीन.

म्हणजे चाकरी गेली, अट राहिली. कारण तेवढं बदललं. आता सांगितलं जाऊ लागलं की गरीब वतनदाराची जमीन धनदांडग्यांनी लाटू नये म्हणून ही अट आहे. अनेक ठिकाणी घडलं उलटंच. उघड विक्री बंद, म्हणून साठेखत (पुढे विकण्याचा करार), विसारपावती आणि कुलमुखत्यारपत्र (दुसऱ्याला व्यवहाराचे अधिकार देणारा कागद) यांचा आडमार्ग निघाला. कागद कच्चा, म्हणून भाव पडलेला; आणि घेणारा बहुधा तोच, ज्याला परवानगी काढणं परवडतं. पुढे शहर वाढलं, एकरी हजारांची जमीन कोटींवर गेली आणि वारस कोर्टात उभे राहिले.

खटल्यांचे प्रकार ठरलेले आहेत. शर्तभंग झाला, म्हणून व्यवहारच रद्द, हा एक. रीग्रँट एका भावाच्या नावे झाली, बाकीच्यांचं काय, हा दुसरा. या दुसऱ्या प्रश्नावर, वरिष्ठ (देसाई, कुलकर्णी यांच्यासारख्या) वतनांच्या संदर्भात का होईना, सर्वोच्च न्यायालयाने 1982 मध्ये नागेश बिस्टो देसाई प्रकरणात दिशा दिली: वतन गेल्यावर एकाच्या नावे परत मिळालेली जमीनही एकत्र कुटुंबाची असेल तर वाटपास पात्र ठरते. तिसरा प्रकार सगळ्यांत किचकट. कब्जेहक्काची रक्कम भरलीच गेली नाही, सातबाऱ्यावर 'मुंबई सरकार' राहिलं, आणि दोन पिढ्यांनी वारस हक्क सांगायला आले. मुंढव्याच्या वादातही मुळाशी हाच पेच आहे: जमीन कागदोपत्री सरकारची, हक्क सांगणारे वतनदारांचे वारस, आणि मधल्या काळात ती भारतीय वनस्पती सर्वेक्षण या केंद्रीय संस्थेला भाडेपट्ट्याने दिलेली.

शर्तभंग सिद्ध झाला की जमीन ताब्यात घेण्याचा अधिकार सरकारला आहे. वारसाच्या हाती ती आपोआप येत नाही. त्यासाठी त्याला पुन्हा कलेक्टर कचेरीतच अर्ज करावा लागतो.