गुप्तहेर कॉरिगन

वृत्तपत्रांतील रोजच्या चित्रपट्टीतून ६२ वर्षे चाललेली अमेरिकन हेरकथामालिका. २२ जानेवारी १९३४ रोजी ती ‘सीक्रेट एजंट एक्स-९’ या नावाने सुरू झाली, तेव्हा लेखन डॅशिएल हॅमेट यांचे व चित्रे ॲलेक्स रेमंड यांची होती. दोघेही १९३५ पर्यंत बाहेर पडले. नायकाला आरंभी नावच नव्हते. फिल कॉरिगन हे नाव, आणि पुढे विल्डा ही पत्नी, त्याला चित्रकार मेल ग्राफ यांच्या काळात मिळाली. १९६७ पासून लेखक आर्ची गुडविन व चित्रकार अल विल्यमसन या जोडीने १९८० पर्यंत मालिका सांभाळली. नंतर जॉर्ज इव्हान्स यांनी १९९६ पर्यंत.

भारतात कॉरिगन आला तो टाइम्स समूहाच्या ‘इंद्रजाल कॉमिक्स’मधून (१९६४–१९९०). वेताळ (फँटम) आणि जादूगार मँड्रेक यांच्या पंक्तीत तो उठून दिसतो, कारण त्याच्याजवळ मुखवटा नाही की जादू नाही. मार बसला की तो खरोखर कोलमडतो.

मालिकेची खरी ओढ तिच्या घडणीत आहे. रोज दोन-तीन चौकटी, आणि शेवटच्या चौकटीत दाराआडची सावली किंवा रोखलेले पिस्तूल, म्हणजे उद्याचा अंक घेणे भाग. या पट्ट्या जोडून पुस्तिका केली तरी ती लय मोडत नाही. दर दोन-तीन चौकटींनी काळजाचा ठोका चुकतोच. विल्यमसन यांच्या हाती तर काळी शाई बोलते. पावसातला रस्ता, अर्धवट उजेडातला चेहरा, आणि शब्द जवळजवळ नाहीत. मालिकेतले सर्वोत्तम काम हेच, असे म्हणायला हरकत नाही.

बेळगाव, खानापूर, निपाणीकडच्या मराठी वाचकाला या नायकाची आणखी एक बाजू जवळची वाटते. परमुलखात शिरलेला हेर बोली बदलतो, ओळख बदलतो आणि समोरच्याचा अंदाज घेऊन तोंड उघडतो. घरी मराठी, बाजारात कन्नड, रस्त्यावरच्या पाट्यांवर वेगळीच लिपी, अशा गावात वाढलेल्या मुलाला यात नवल काय वाटणार? वाक्य कुठल्या भाषेत सुरू करायचे हे तो दुकानदाराच्या चेहऱ्यावरून ठरवत आलेला असतो. शिवाय बेळगावात मराठा लाइट इन्फन्ट्रीचे केंद्र आहे. कॅम्पातली शिस्त आणि वर्दी रोज पाहणाऱ्यांना कॉरिगनचे वरिष्ठ, त्याचे हुकूम आणि मोहिमा परक्या वाटत नाहीत.

इंद्रजालचे अंक मराठीप्रमाणे कन्नडमध्येही निघत. कन्नड अक्षरे अडखळत लावणाऱ्या मराठी मुलाच्या हाती असा अंक पडला, तर चित्रे त्याला पुढे नेतात आणि फुग्यांतले शब्द हळूहळू सुटत जातात. विल्यमसन यांच्या निःशब्द चौकटीत तर त्याला अडायला काहीच नसते.