लोकरीचा गालिचा, बोक्याची शू आणि चुकीची बाटली

मागच्या पावसाळ्यात आमच्या बोक्याने आईच्या काश्मिरी गालिच्यावर शू केली. फरशीवर, सोफ्यावर ज्या एन्झाइम क्लीनरने (डाग तोडणारी एन्झाइम्स असलेलं द्रावण) नेहमी काम भागतं तोच मी भरपूर ओतला, वर ओला टॉवेल टाकला आणि बाटलीवर लिहिल्याप्रमाणे रात्रभर तसाच ठेवला. वास बऱ्यापैकी गेला, पण गालिचा वाळल्यावर तळहाताएवढी जागा खरखरीत लागायला लागली, लोकरीची चमक गेली आणि बोट फिरवलं की बारीक तंतू सुटून हातात येत होते. फार वाईट वाटलं, म्हणून मग या विषयात नीट शिरले.

लोकर म्हणजे केराटिन, आपले केस आणि नखं ज्याची बनतात तेच प्रोटीन. रेशीमसुद्धा प्रोटीनच. आणि बऱ्याच एन्झाइम क्लीनरमध्ये प्रोटीएज असतं ज्याचं कामच प्रोटीन तोडायचं, मग ते डागातलं आहे की गालिच्यातलं हे त्याला कसं कळणार. सुती किंवा सिंथेटिक कापडावर हेच द्रावण बिनधास्त चालतं. त्यामुळे बाटलीवर ‘लोकर आणि रेशमासाठी चालेल’ असं स्पष्ट लिहिलेलं नसेल तर ती गालिच्यापासून लांबच ठेवा.

आता शूचं बघू. ताजी असताना ती साधारण किंचित आम्लधर्मी असते आणि तेव्हा काम सोपं असतं. पण तिच्यात भरपूर युरिया असतो, बॅक्टेरिया युरिएज नावाच्या एन्झाइमने त्याचा अमोनिया करतात आणि डाग हळूहळू अल्कधर्मी होत जातो. लोकरीला बहुतेक वेळा अॅसिड डाय वापरतात, हे रंग आम्लात लोकरीला घट्ट धरून बसतात आणि अल्कात त्यांची पकड सुटते, म्हणून जुन्या डागाशी लाल रंग शेजारच्या क्रीम नक्षीत उतरलेला दिसतो. तो मागे आणणं जवळपास अशक्य.

मांजराच्या बाबतीत अजून एक भानगड आहे. त्यांच्या शूमध्ये फेलिनीन नावाचं गंधकयुक्त अमिनो आम्ल असतं, नसबंदी न केलेल्या बोक्यात सगळ्यात जास्त. मसाओ मियाझाकी आणि त्यांच्या जपानी सहकाऱ्यांनी २००६ साली दाखवलं की कॉक्सिन नावाचं मूत्रातलं प्रोटीन हे फेलिनीन तयार करायला मदत करतं. फेलिनीन स्वतः वास मारत नाही, ते तुटत जातं तसा उग्र वास वाढत जातो, म्हणून पहिल्या दिवशी फारसं जाणवत नाही आणि दोन दिवसांनी पाहुण्यांना दारातच कळतं.

मग करायचं काय? आधी टिपा. पांढरा सुती टॉवेल ठेवून वर उभं राहा, टॉवेल ओला झाला की बदला, असं कोरडा निघेपर्यंत. घासू नका, लोकरीच्या तंतूवर माशासारखे खवले असतात, ओल्यात घासलं की ते एकमेकांत अडकून तिथे नमदा, म्हणजे दाबून घट्ट झालेला लोकरीचा थर होतो. गरम पाणीही नको. मग एक भाग पांढरा व्हिनेगर, चार भाग गार पाणी. हे आधी कोपऱ्यात मागच्या बाजूला लावून पांढऱ्या कापडाने टिपून बघा, कापडावर रंग आला तर तिथेच थांबून जाणकाराकडे द्या. रंग पक्का असेल तर डागावर थोडं थोडं लावून टिपत राहा, व्हिनेगर अमोनिया मारतो आणि रंगालाही आधार देतो. शेवटी साध्या गार पाण्याने टिपा.

हातविणीच्या गालिच्यात लोकरीच्या गाठी सुती ताण्याबाण्यावर बांधलेल्या असतात आणि शू थेट त्या सुतापर्यंत उतरते. वरून कोरडं लागलं तरी खाली ओलच असते. गालिचा दोन खुर्च्यांवर टाका, खालून-वरून पंख्याचा वारा लागू दे. पावसाळ्यात याला दोन-दोन दिवस लागतात, तेवढे द्याच.

ब्लीच अजिबात नको, ते लोकर अक्षरशः विरघळवतं आणि शूतल्या अमोनियाशी मिळून विषारी क्लोरामाइन वायू तयार होतो. फिनेलही नको. त्यातल्या काही प्रकारांत फिनॉल असतात आणि मांजराच्या यकृताला ते नीट निकामी करता येत नाहीत, पंजाला लागलेलं ते चाटून पोटात घेतं.

आणि बोका अचानक गालिच्यावर शू करायला लागला असेल तर गालिच्याआधी बोक्याकडे बघा. आमच्या बोक्याच्या लघवीत क्रिस्टल निघाले, औषध आणि खाणं बदलल्यावर तो परत स्वतःच्या ट्रेमध्ये जायला लागला. तो सारखा ट्रेमध्ये जाऊन बसतोय, जोर करतोय आणि थेंबसुद्धा येत नाहीये असं दिसलं तर सकाळची वाट बघू नका, त्याच रात्री डॉक्टर गाठा. बोक्यांची मूत्रनलिका फार अरुंद असते, ती अडकली तर एक-दोन दिवसांत जिवावर बेततं.