‘कुत्र्यापासून सावध’ आणि ‘परवानगीशिवाय आत येऊ नये’: फाटकावरच्या दोन पाट्या

बंगल्याच्या किंवा फार्महाऊसच्या फाटकावर या दोन पाट्या बहुधा शेजारीशेजारीच लावलेल्या दिसतात. वाचणारा दोन्हींचा अर्थ एकच लावतो: बाहेर थांबा. मालकाच्या मनात त्यापुढे आणखी एक कलम असतं: पाटी लावली आहे, आता कुत्रा चावला तर आपण मोकळे. हे कलम कुठल्याच पाटीत नाही, कायद्यात तर नाहीच.

मनाईची पाटी माणसाच्या हक्काबद्दल बोलते. एरवी पोस्टमन, गॅस सिलिंडरवाला, मीटर रीडिंगला येणारा यांना फाटक उघडून दारापर्यंत जाण्याची मूक मुभा असते. ती मुभा ही पाटी काढून घेते. पण म्हणून पाटी ओलांडणारा प्रत्येक जण गुन्हेगार होत नाही. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ३२९ प्रमाणे फौजदारी अतिक्रमणाला हेतू लागतो: गुन्हा करण्याचा, किंवा तिथल्या ताबेदाराला धमकावण्याचा, अपमानित करण्याचा, त्रास देण्याचा. पार्सल घेऊन आलेला, हाक मारून उत्तर न आल्यामुळे चार पावलं आत आलेला पोरगा यात बसणं कठीण आहे.

कुत्र्याची पाटी हक्काबद्दल अवाक्षर काढत नाही. आत प्राणी आहे, तो अंगावर येऊ शकतो, एवढीच माहिती ती देते. नुसती तीच पाटी असेल तर बेल वाजवायला दारापर्यंत जाण्याची मुभा शाबूत राहते.

आणि इथेच मालकाची पंचाईत सुरू होते. त्याच संहितेचं कलम २९१ प्राण्यांबाबतच्या निष्काळजीपणाचं आहे. आपल्या ताब्यातल्या प्राण्यामुळे माणसाच्या जिवाला धोका किंवा जबर दुखापत संभवत असेल, आणि ती टाळण्यापुरता बंदोबस्त जाणूनबुजून किंवा हयगयीने केला नाही, तर सहा महिन्यांपर्यंत कैद, ५,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. जुन्या दंड संहितेत हेच कलम २८९ होतं आणि दंडाची मर्यादा १,००० रुपये होती. कलम बंदोबस्ताबद्दल विचारतं: साखळी होती का, फाटक लागलेलं होतं का, कुंपणाला भगदाड होतं का. पाटी त्या बंदोबस्ताचा एक भाग होऊ शकते, त्याची जागा घेऊ शकत नाही. उलट ‘आमचा टॉमी कधी कुणाला काही करत नाही हो’ हा आवडता बचाव स्वतःच्याच फाटकावरच्या लाल अक्षरांपुढे लंगडा पडतो. धोक्याची कल्पना तुम्हाला होती, हे तुम्हीच रंगवून टांगलंय की!

मग कुत्र्याच्या पाटीचा मालकाला उपयोगच नाही का? आहे, पण कधी, ते इंग्लंडमधल्या एका खटल्यावरून नीट कळतं. पूर्व लंडनमधल्या एका भंगाराच्या आवारात रात्री अल्सेशियन मोकळा सोडलेला असे, आणि फाटकावर मोठ्या अक्षरांत इशारा होता. एक तरुणी रात्री आत गेली आणि कुत्र्याने तिला जबर चावे घेतले. आधीच्या न्यायाधीशाने मालकाला जबाबदार धरलं, पण अपील न्यायालयाने निकाल फिरवला: कुत्रा आहे हे तिला ठाऊक होतं आणि तो धोका तिने आपणहून पत्करला. म्हणजे पाटीने मालकाला वाचवलं, पण आत शिरणारी बाई अतिक्रमण करणारी होती, तेही रात्री, आणि तिला कुत्र्याची माहिती होती म्हणून. पोस्टमन असता तर चित्र वेगळं असतं. अपील न्यायालयातले न्यायाधीश लॉर्ड डेनिंग यांनी त्याच निकालात सांगून ठेवलं की १९७५ च्या राखणीच्या कुत्र्यांबद्दलच्या कायद्यानंतर असा कुत्रा मोकळा ठेवणं कदाचित वाजवी ठरणार नाही. हा कायदा प्रत्येक प्रवेशद्वारावर इशारा लावायला सांगतोच, शिवाय कुत्र्याला आवरू शकणारा माणूस आवारात हवा, नाहीतर कुत्रा बांधलेला हवा असंही बजावतो. राहती घरं आणि शेतजमीन त्यातून वगळली आहेत. भारतात माझ्या मते एमआयडीसीतल्या गोदामांना या धर्तीचा नियम लावायला हरकत नाही.

तेव्हा कोणती पाटी लावायची? ज्याला लोक आतच नको आहेत, त्याने मनाईची लावावी, फाटकाला कडी घालावी आणि बेल बाहेर बसवावी. बेल आत अंगणात आणि फाटकावर ‘सावध रहा’ हा प्रकार पुण्यात सर्रास दिसतो. त्यात येणाऱ्याने सावध राहून नेमकं काय करायचं, हे कुणी सांगत नाही. ज्याच्याकडे खरंच अंगावर जाणारा कुत्रा आहे, त्याने दुसरी पाटीही लावावी, पण कुत्र्याच्या चित्रासह, कारण लहान मुलाला किंवा परप्रांतातून आलेल्या मजुराला मराठी अक्षरं वाचता येतीलच असं नाही. रात्री तिच्यावर दिवा पडायला हवा. कुत्रा वारला की पाटी उतरवावी. गल्लीत अशा रिकाम्या पाट्या वाढल्या की खऱ्या पाटीकडेही कुणी बघत नाही. आणि शेतावर पाटी फक्त रस्त्याकडच्या फाटकाला लावून भागत नाही, कारण गावातली निम्मी माणसं मागच्या बांधावरून येतात.