शाळेची सहल थिबा राजवाड्याला न्यायची आहे? प्रस्ताव अडतो कुठे ते आधी वाचा

डिसेंबर उजाडला की रत्नागिरी, लांजा, राजापूर, संगमेश्वरकडच्या शाळा थिबा राजवाड्याची सहल ठरवतात आणि परवानगीसाठी शिक्षण कार्यालयात पाठवलेले त्यातले बरेच प्रस्ताव "त्रुटी पूर्तता करावी" असा शेरा घेऊन परत येतात. राजवाड्याला कोणाचीच हरकत नसते. ब्रह्मदेशाचा शेवटचा राजा थिबा याला इंग्रजांनी 1886 मध्ये रत्नागिरीत आणून नजरकैदेत ठेवलं. 1910 मध्ये तो या वाड्यात राहायला आला आणि 1916 मध्ये रत्नागिरीतच वारला. आता तिथं शासनाचं संग्रहालय आहे. परवानगीला याहून सरळ ठिकाण शोधून सापडायचं नाही. माशी शिंकते ती कार्यक्रमपत्रिकेतल्या पुढच्या ओळीवर: "दुपारी 3 वाजता भाट्ये समुद्रकिनारा."

1 फेब्रुवारी 2016 ला रायगड जिल्ह्यातल्या मुरुडच्या समुद्रात पुण्याच्या एका महाविद्यालयाचे 14 विद्यार्थी बुडाले. त्यानंतर शिक्षण खात्याने सहलींचे नियम कडक केले: समुद्रकिनारा, नदी, तलाव, विहीर, धोक्याचे डोंगरकडे ही ठिकाणं सहलीत नकोत. रोज पुळणीवरून चालत शाळेत येणाऱ्या मुलांना हा नियम लावताना हसू येतं, हे खरं. पण टेबलामागचा माणूस तुमचं गाव पाहत नाही, कागद पाहतो. तेव्हा भाट्ये, मांडवी, गणपतीपुळ्याचा किनारा यातलं काहीच लिहू नका, आणि कागदावर न लिहिता गुपचूप जाऊही नका. काही विपरीत घडलं तर मुख्याध्यापक एकटा पडतो. रत्नदुर्गही कड्यावर आहे, तो लिहिलात तर प्रश्न येणारच. समुद्राचं काही दाखवायचंच असेल तर झाडगावचं मत्स्यालय लिहा. तिथं देवमाशाचा सांगाडा पाहून मुलं किनारा विसरतात. राजवाड्याजवळ थिबा पॉइंटची बाग आहे, तिथून खाडी आणि समुद्र लांबून दिसतो. शिवाय टिळक आळीतलं लोकमान्यांचं जन्मस्थान. एवढ्यात दिवस भरतो.

आता कागद. मुख्याध्यापकांचा अर्ज, विद्यार्थ्यांची यादी, कार्यक्रमपत्रिका, प्रथमोपचार पेटी असल्याचा दाखला, हे सगळेच जोडतात. चुकतं ते पुढचं.

शाळा व्यवस्थापन समितीचा ठराव अर्जाच्या तारखेआधीचा हवा. सहल ठरते, अर्ज जातो आणि ठराव मागाहून लिहिला जातो. तारखा उलट दिसल्या की प्रस्ताव परत. पालकांचं संमतीपत्र प्रत्येक मुलाचं वेगळं लागतं. एकाच कागदावर तीस सह्या चालत नाहीत. वडील मुंबईला असतील तर आईची सही घ्या, मुलाकडून वडिलांची सही "करवून" आणू नका. आजी-आजोबांकडे राहणाऱ्या मुलांची संमतीपत्रं शेवटपर्यंत रखडतात, म्हणून ती सगळ्यात आधी मागवा.

खरी गोची द्विशिक्षकी शाळांची. दहा मुलांमागे एक शिक्षक आणि मुली असतील तर सोबत शिक्षिका हवीच. पंचवीस मुलं आणि दोन गुरुजी असलेल्या शाळेने तिसरा आणायचा कुठून, याचं उत्तर कोणी देत नाही. व्यवहारात त्याच केंद्रातल्या, म्हणजे एकाच केंद्रप्रमुखाच्या हाताखालच्या, शेजारच्या शाळेशी मिळून सहल काढणं हाच मार्ग. मात्र दोन्ही शाळांचे ठराव आणि याद्या स्वतंत्र जोडा, आणि केंद्रप्रमुखांना आधी विचारा. सोबत येणाऱ्या शिक्षकांची नावं प्रस्तावात लिहा. "आवश्यक तेवढे शिक्षक" या शब्दांवर हमखास लाल रेघ येते.

गाडीचा घोळ वेगळाच. शाळेच्या सहलीला एसटीच्या भाड्यात 50 टक्के सवलत असते, त्यामुळे खासगी गाडीचा विचारच नको. पण आगारात गेलात की परवानगीचं पत्र मागतात आणि शिक्षण कार्यालयात गाडीचं आरक्षण मागतात. आधी कोण, हे ठरवायला दोघंही तयार नाहीत. यावर उपाय एकच: आगारात शाळेच्या लेटरहेडवर मागणीपत्र द्या, त्याची शिक्क्यासह पोच घ्या आणि तीच पोच प्रस्तावाला जोडा. गाडीचा क्रमांक, चालकाचं नाव आगार आयत्या वेळी देतं. ते नंतर कळवू असं प्रस्तावात स्पष्ट लिहा, जागा कोरी सोडू नका.

मुदतीबद्दल. परिपत्रकातली तारीख बहुधा प्रस्ताव शिक्षणाधिकारी कार्यालयात पोचण्याची असते, केंद्रप्रमुखांच्या हातात देण्याची नव्हे. मधे गटशिक्षणाधिकारी आहेत, त्यांची बैठक, दौरा, रजा आहे. तुमची फाइल तिथं चार दिवस पडली तर उशीर तुमच्या नावावर लागतो. प्रत्येक टेबलावर पोच घ्या, फोनवरच्या "झालं समजा"वर विसंबू नका.

एवढं करून सहल सोमवारी ठेवू नका. सोमवारी संग्रहालय बंद असतं. मुलं फाटकाबाहेरून वाडा बघून परत आली, असं झालेलं आहे. तारीख पक्की झाली की संग्रहालयालाही मुलांची संख्या कळवणारं पत्र पाठवा, म्हणजे त्याच वेळी दुसऱ्या दोन शाळा आत असतील तर आधी कळेल.